माया लोक "गायब" झाले म्हणे!

तो फॉरवर्ड परत फिरतोय, तुम्हालाही आला असेल. मेक्सिको-ग्वाटेमालाकडचे माया लोक एकाएकी गायब झाले, त्यांचं कॅलेंडर 2012 ला संपलं, आणि आता उरलेत ते टुरिस्टसाठी मिकी माऊसचे मुखवटे घालून नाचतात, चर्चमध्ये कोकाकोला वाहतात, सबब संस्कृती खलास.

गायब वगैरे कोणी झालं नाही हो. इ.स. 800-900 च्या सुमारास टिकालसारखी मोठी शहरं ओस पडली हे खरं, पण माणसं राहिली ना. ग्वाटेमालाच्या 2018 च्या जनगणनेत 60 लाखांहून जास्त लोकांनी स्वतःची नोंद माया म्हणून केलीये.

कॅलेंडरवरून आपल्या चॅनलवाल्यांनीही तेव्हा काय घाबरवलं होतं! 21 डिसेंबर 2012 ला 13 वा बाकतून भरला, एक बाकतून म्हणजे 1,44,000 दिवस, झालं, पुढची मोजणी चालू. पालेंके या जुन्या माया शहरातल्या शिलालेखात तर इ.स. 4772 मधली तारीख कोरलीये, जग बुडणार होतं तर ती कोणासाठी?

आता मुखवटे. हा नाच म्हणजे कोन्वीते, ग्वाटेमालातल्या किचे या माया समाजाच्या गावांमध्ये जत्रेला होतो, अंगावर टिकल्यांनी मढवलेला जड पोशाख, मागे मारिंबा हे लाकडी पट्ट्यांचं वाद्य, रांगेत बॅटमॅन, मिकी, ड्रॅगन बॉल या जपानी कार्टूनमधले, आणि बघायला मुख्यतः गावच. पोशाख मोरेरिया नावाच्या दुकानातून भाड्याने आणायचे. आणि गंमत बघा, स्पॅनिश आक्रमणाच्या जुन्या नाचासाठी लागणारे गुलाबी गालांचे, सोनेरी केसांचे सरदारही मोरेरियातूनच येतात! बाहेरून आलेल्याचा मुखवटा करून त्याला नाचवायचं ही त्यांची शेकडो वर्षांची खोड, त्यात आता मिकीचा नंबर लागला एवढंच.

कोकाकोलाचं मात्र अर्धं पटतं. मेक्सिकोत चियापासमधल्या सान हुआन चामुलाच्या चर्चमध्ये जमिनीवर पाइनच्या सुया, शेकडो मेणबत्त्या आणि विधीत पोश या दारूबरोबर कोल्ड्रिंकच्या बाटल्या असतात. पण रडायचंच तर डायबेटिसवर रडा, शेजारच्या सान क्रिस्तोबाल शहराजवळच्या कोकाकोलाच्या बॉटलिंग प्लांटला जाणाऱ्या पाण्यावर रडा, तिथले लोक त्यावरून रस्त्यावर उतरलेत. विधी बुडाला म्हणून कशाला, तो तर चालूच आहे.

आणि उलट दिशेने काय गेलं ते फॉरवर्डवाल्याच्या गावीही नाही. 2022 च्या मार्व्हलच्या 'वकांडा फॉरएव्हर' सिनेमात समुद्राखालचे लोक युकातेक माया ही भाषा बोलतात, साउंडट्रॅकवर पॅट बॉय या माया रॅपरचा माया भाषेतला रॅप आहे, आणि हा पठ्ठ्या मार्व्हलचा फोन यायच्या कितीतरी आधीपासून त्याच भाषेत रॅप करतोय.