'फुकट' जमिनीची पावती

"काळम्मावाडीच्या धरणग्रस्तांना पैसे मिळाले, बागायत जमीन फुकटात मिळाली, पोरांना नोकऱ्या लागल्या, तरी ह्यांचे मोर्चे संपत नाहीत." कोल्हापूर जिल्ह्यातल्या दूधगंगेवरच्या ह्या धरणात आमचं रान गेलं. हा मेसेज आमच्या भावकीच्या ग्रुपवरही आला, म्हणून लिहितोय.

आधी 'फुकट'. मोबदल्याच्या 65 टक्के रक्कम सरकारकडं परत भरायची, तेव्हा पर्यायी जमिनीवर हक्क लागायचा. आजोबांची ती पावती आईनं दुधाच्या पिशवीत गुंडाळून ट्रंकेत ठेवलीय. घडीवरची शाई उडालीय, आकडा अजून वाचता येतो. मोबदला डोंगरउतारावरच्या भात-नाचणीच्या रानाचा. त्यातनं 65 टक्के गेल्यावर उरलं किती, तुम्हीच बघा. आणि ज्यांचे पैसे लग्नात, आजारपणात खर्च झाले, ते भरणार कुठनं? त्यांचा जमिनीवरचा हक्कच गेला.

आता 'बागायत'. लाभक्षेत्रातल्या, म्हणजे धरणाचं पाणी मिळणाऱ्या भागातल्या, मोठ्या खातेदाराकडनं स्लॅब लावून, म्हणजे ठरलेल्या मर्यादेवरच्या रानातनं, काढलेली जमीन ही. कुठला तुकडा सोडायचा ते तोही बघतोच की. मीही तेच केलं असतं. बऱ्याचजणांच्या वाट्याला माळ आला, नाहीतर खारपड. काहींचं तर सातबाऱ्यावर नाव आपलं आणि रानात ऊस मूळ मालकाचा.

नोकऱ्या? सरकारी भरतीत प्रकल्पग्रस्तांना समांतर आरक्षण, म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या जागांतच धरलेलं, 5 टक्के; त्यासाठीचा प्रकल्पग्रस्त दाखला कुटुंबात एकालाच. तो कुणी घ्यायचा यावरनं भावाभावांचं बोलणं बंद झालेली घरं आमच्या पुनर्वसन वसाहतीत आहेत.

काहींनी जमिनी विकल्या असंही मेसेजमध्ये पुढं आहे. विकल्या, खरं आहे. वसाहत एकीकडं, रान दुसऱ्या तालुक्यात, कसायचं कुणी? त्यात भोगवटादार वर्ग 2, परवानगीशिवाय विकता येत नाही. म्हणून स्टॅम्पपेपरवर लिहून पडेल भावात दिल्या.

2023 च्या दिवाळीत थेट पाईपलाईननं कोल्हापुरात जे पाणी आलं, ते ह्याच धरणाचं. त्याला आमची ना नाही. प्यावं सगळ्यांनी.

राहिले मोर्चे. मेसेजवाल्याला वाटतं, लोक दुसऱ्यांदा जमीन मागतात. निम्म्यांचं भांडण संकलन रजिस्टरातल्या, म्हणजे कुणाचं किती गेलं आणि घरात कोण कोण याच्या सरकारी नोंदवहीतल्या, चुकांचं असतं: कुणाचं क्षेत्र कमी लागलंय, कुणाची विधवा आई यादीतच नाही. माझ्या आजोबांचं नाव गावच्या सातबाऱ्यावर दत्तू, रजिस्टरात दत्तात्रय. दोघं एकच, एवढं लिहून मिळावं म्हणून चुलते अजून कचेरीच्या पायऱ्या चढतात.