गणपतीने महाभारत दहा दिवसांत लिहिले, ही कथा महाभारतात नाही

गणेशोत्सव आला की एक संदेश फिरू लागतो. व्यासांनी सांगितलेले महाभारत गणपतीने दहा दिवस अखंड लिहिले, त्याच्या अंगाचा दाह वाढला, व्यासांनी मातीचा लेप दिला आणि अनंत चतुर्दशीला त्याला पाण्यात नेले, म्हणून विसर्जन. शेवटी ‘महाभारतात लिहिलंय’ असा शिक्का.

महाभारतात हे नाही. प्रचलित पोथ्यांच्या आदिपर्वात लेखक गणेश येतो खरा, पण प्रसंग छोटा आहे. लेखणी क्षणभरही थांबता कामा नये, ही गणेशाची अट. अर्थ समजल्याशिवाय अक्षर उमटवू नकोस, ही व्यासांची. मग व्यास मध्येच कूटश्लोक घालतात आणि गणेश विचार करतो तेवढ्यात पुढची रचना करतात. किती सुंदर कल्पना! त्यात दाह नाही, लेप नाही, सुळा मोडून केलेली लेखणीही नाही. सुळा परशुरामाच्या परशूने तुटल्याची कथा ब्रह्मांडपुराणातली.

दहा दिवसांचा हिशेबही जुळत नाही. आदिपर्वच सांगते, ‘त्रिभिर्वर्षैः सदोत्थायी’: व्यास तीन वर्षे नित्य उठून रचना करत होते.

शिवाय पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने 1919 ते 1966 या काळात अनेक हस्तलिखिते ताडून चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. वि. स. सुकथनकरांनी संपादित केलेल्या आदिपर्वात गणेशाचा हा प्रसंग मूळ संहितेत नसून परिशिष्टात आहे.

लेपाची कथा घरात जरूर सांगा, मला स्वतःला ती आवडते. फक्त तिच्याखाली महाभारताचे नाव घालू नका.