गुळव्याला विचारा
रोज तासभर फोन बाजूला ठेवा, संयम आपोआप येईल, असं संयमावरच्या एका लेखात म्हटलंय. पटलं, पण अर्धंच. आमच्या कोल्हापूरकडं एखाद्या गुऱ्हाळावर जाऊन बघा. काहिलीत, म्हणजे मोठ्या पसरट कढईत, उसाचा रस तापला की भेंडीचं पाणी घालून वर आलेली मळी काढत राहायचं, मग पाकाचा थेंब पाण्यात टाकून बोटांनी गोळी होते का बघायचं. काहिल लवकर उतरवली तर ढेप बसत नाही, उशीर झाला तर गूळ करपतो. गुळव्या, म्हणजे गूळ करणारा कारागीर, तिथं निवांत नसतो हो, डोळ्यांत तेल घालून उभा असतो! आणि सबुरीलाही पदरी चार पैसे लागतात. कारखान्याकडून येणाऱ्या उसाच्या बिलाची वाट बघणाऱ्या शेतकऱ्याला 'जरा दमानं घ्या' म्हणून बघा एकदा.