अलाबामाचा संघ एका सामन्याने बदलला नाही

अमेरिकन कॉलेज फुटबॉलचे प्रशिक्षक पॉल ‘बेअर’ ब्रायंट यांच्याबद्दल एक गोष्ट वर्षानुवर्षं फिरते आहे. १२ सप्टेंबर १९७० रोजी अलाबामा राज्यातल्या बर्मिंगहॅममध्ये दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाने त्यांच्या अलाबामा विद्यापीठाच्या, फक्त गोऱ्या खेळाडूंच्या संघाला ४२-२१ असं झोडपलं. सॅम कनिंगहॅम या कृष्णवर्णीय खेळाडूने एकट्याने १३५ यार्ड धावून काढले. त्या पराभवाने ब्रायंट यांचे डोळे उघडले आणि अलाबामाच्या संघाची दारं कृष्णवर्णीयांना खुली झाली, असं सांगतात. वर पुस्ती जोडतात की कनिंगहॅमने ६० मिनिटांत जे केलं, ते मार्टिन ल्यूथर किंग यांना २० वर्षांत जमलं नाही.

सामना खरा, आकडे खरे. पण दार त्याआधीच उघडलं होतं. विल्बर जॅक्सन या कृष्णवर्णीय खेळाडूने डिसेंबर १९६९ मध्येच अलाबामाची फुटबॉल शिष्यवृत्ती स्वीकारली होती. त्या काळी पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना मुख्य संघात खेळता येत नसे, म्हणून त्या रात्री तो प्रेक्षकांत बसला होता. बास्केटबॉलमध्ये तर वेंडेल हडसन १९६९ मध्येच आला होता.

डोळे उघडायला पराभव लागला, हेही पटत नाही. १९६७ च्या वसंतात पाच कृष्णवर्णीय विद्यार्थी शिष्यवृत्तीशिवाय ब्रायंट यांच्याच सरावाला उतरले होते. त्याच वर्षी केंटकी विद्यापीठाकडून नेट नॉर्थिंग्टन हा कृष्णवर्णीय खेळाडू खेळला आणि अलाबामा ज्या लीगमध्ये खेळत असे, तिच्यातली वर्णभिंत पडली. जुलै १९६९ मध्ये विद्यापीठातल्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांच्या संघटनेने ब्रायंट आणि विद्यापीठ यांना कोर्टात खेचलं. वकील होते यू. डब्ल्यू. क्लेमन, जे पुढे अलाबामातले पहिले कृष्णवर्णीय फेडरल न्यायाधीश झाले. या गोष्टीत त्यांचं नावही येत नाही, याचाच मला सर्वाधिक राग येतो.

राहिली किंग यांच्याशी तुलना. ती निव्वळ अन्यायाची आहे. बर्मिंगहॅमच्या रस्त्यांवर १९६३ साली किंग यांच्या आंदोलनात शाळकरी मुलांनी पोलिसांचे कुत्रे आणि पाण्याचे फवारे अंगावर घेतले, तेव्हा कुठे त्याच शहरात सात वर्षांनी कृष्णवर्णीय खेळाडू सन्मानाने मैदानात उतरू शकले. कॅलिफोर्नियाच्या त्या संघातला क्लॅरेन्स डेव्हिस तर जन्माने बर्मिंगहॅमचाच.

ब्रायंट यांचं कर्तृत्व मी नाकारत नाही. ३२३ विजय आणि अलाबामाला सहा राष्ट्रीय विजेतेपदं ही काही फुकटची कमाई नव्हे. त्या पराभवामुळे गोऱ्या चाहत्यांचा उरलासुरला विरोध मावळला असेल, तेही मान्य. पण १९५८ पासून या संघाची सूत्रं त्यांच्या हाती होती, आणि राज्यात त्यांचा शब्द गव्हर्नरच्या तोडीचा मानला जाई. त्या शब्दाच्या बळावर त्यांना अधिक लवकर पाऊल उचलता आलं असतं.

१९७१ मध्ये लॉस एंजेलिसला अलाबामाने कॅलिफोर्नियाच्या त्याच संघाला १७-१० असं हरवलं. मैदानात तेव्हा जॉन मिचेल होता, अलाबामाकडून मुख्य संघाच्या सामन्यात उतरलेला पहिला कृष्णवर्णीय खेळाडू. पुढच्या वर्षी तो सहकर्णधार झाला.