३१ खासदार आणि न्यायालयांचा ‘रिमोट’

एक मजकूर सध्या ग्रुपागणिक फिरतो आहे. त्याचा गोषवारा असा: ‘संसदेची ३१ खासदारांची एक समिती आपल्या न्यायालयांवर बसलेली आहे. न्यायाधीश कोण व्हावा आणि कोणाला काढावं, हे तीच ठरवते. तिचे सदस्य मंत्री निवडतात, अध्यक्ष नेहमी सत्ताधारी पक्षाचा असतो. कोर्टाचा पैसा तिच्या हातात. तिने शिफारस केली की सरकारला मानावीच लागते. तुमची केस रखडली असेल तर थेट तिच्याकडे अर्ज करा.’

यात ३१ हा आकडा तेवढा बरोबर आहे. बाकी प्रत्येक वाक्यात काही ना काही घोळ आहे आणि त्याचं मूळ एकच: ही समिती न्यायालयांवर देखरेख ठेवते, हे गृहीतक. ती देखरेख ठेवते मंत्रालयावर. तिच्यासमोर उत्तरं द्यायला विधी व न्याय मंत्रालयाच्या विभागांचे सचिव बसतात, न्यायाधीश नव्हे.

‘न्यायालयांवर बसलेली समिती’

नाव लांबलचक आहे: कार्मिक, लोकतक्रार, विधी व न्याय या विषयांची विभागसंलग्न संसदीय स्थायी समिती. म्हणजे दोन मंत्रालयं तिच्या कक्षेत येतात. अशा समित्या १९९३ मध्ये सुरू झाल्या, तेव्हा त्या १७ होत्या. २००४ मध्ये त्या २४ केल्या. त्यातल्या १६ लोकसभेच्या देखरेखीत आणि ८ राज्यसभेच्या. ही राज्यसभेकडची.

नियमांनी तिला चार कामं दिली आहेत: मंत्रालयाच्या अनुदानाच्या मागण्या (म्हणजे खर्चासाठी सभागृहाकडे मागितलेले पैसे) तपासणं, पाठवलेली विधेयकं पाहणं, वार्षिक अहवाल पाहणं, आणि सभागृहात मांडलेले दीर्घकालीन धोरणाचे दस्तऐवज तिच्याकडे पाठवले तर त्यांचा विचार करणं. त्याच नियमांत पुढे म्हटलं आहे की मंत्रालयाच्या दैनंदिन प्रशासनात समितीने शिरायचं नाही. जी समिती मंत्रालयाच्याही रोजच्या कारभारात शिरू शकत नाही, ती न्यायालयाच्या कामकाजात कुठून शिरणार?

कोर्टाशी संबंधित सगळं याच समितीकडे येतं, असंही नाही. भारतीय न्याय संहिता, नागरिक सुरक्षा संहिता आणि साक्ष अधिनियम ही तीन विधेयकं ऑगस्ट २०२३ मध्ये मांडली गेली, तेव्हा ती गेली गृह मंत्रालयाच्या समितीकडे. देशातल्या प्रत्येक फौजदारी न्यायालयाचं काम बदलणारे कायदे, पण विषय गृहखात्याचा. विधेयक ज्या मंत्रालयाचं, त्याच मंत्रालयाची समिती, हा सर्वसाधारण रिवाज.

‘न्यायाधीश तीच नेमते’

नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या नेमणुका अनुच्छेद १२४ खाली आणि उच्च न्यायालयांच्या अनुच्छेद २१७ खाली होतात. शिफारस न्यायवृंदाची, म्हणजे कॉलेजियम नावाच्या ज्येष्ठ न्यायाधीशांच्या गटाची. फाइल न्याय विभागातून जाते, सही राष्ट्रपतींची. या वाटेवर संसदीय समितीचं टेबल कुठेच लागत नाही. कॉलेजियमच्या जागी राष्ट्रीय न्यायिक नियुक्ती आयोग आला होता, तेव्हाही त्याच्या सहा जणांत सरन्यायाधीश, दोन ज्येष्ठ न्यायाधीश, कायदामंत्री आणि दोन मान्यवर व्यक्ती होत्या. समितीला जागा नव्हती. १६ ऑक्टोबर २०१५ ला सर्वोच्च न्यायालयाने तो आयोगच रद्द केला.

यातली गंमत अशी की २०१३ चं न्यायिक नियुक्ती आयोग विधेयक या समितीने तपासलं होतं. २०१४ चं विधेयक मात्र तिच्याकडे न पाठवता १३ ऑगस्टला लोकसभेत आणि १४ ऑगस्टला राज्यसभेत मंजूर झालं. ‘सगळं तीच ठरवते’ म्हणणाऱ्यांनी या दोन तारखा पाहाव्यात.

संसदेच्या हातात आहे ते वेगळं. सर्वोच्च न्यायालयातल्या न्यायाधीशांची संख्या ती कायद्याने ठरवते (२०१९ च्या दुरुस्तीनंतर सरन्यायाधीशांसह ३४). निवृत्तीचं वय घटनादुरुस्तीने बदलू शकते. उच्च न्यायालयाचं वय ६२ वरून ६५ करणारं विधेयक २०१० मध्ये आलं, या समितीकडे गेलं आणि पुढे लोकसभेची मुदत संपली तसं व्यपगत झालं, म्हणजे मंजूर न होताच संपलं. वय अजून ६२ च आहे.

‘आणि काढतेही तीच’

इथे दोन वेगळ्या समित्या एक समजल्या जातात. न्यायाधीशाला पदावरून दूर करण्याच्या प्रस्तावाच्या सूचनेवर लोकसभेत किमान १०० किंवा राज्यसभेत किमान ५० सदस्यांच्या सह्या लागतात. लोकसभा अध्यक्षांनी किंवा राज्यसभा सभापतींनी ती दाखल करून घेतली, तर न्यायाधीश चौकशी अधिनियम, १९६८ खाली तीन जणांची समिती नेमली जाते: सर्वोच्च न्यायालयाचा एक न्यायाधीश, एका उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती आणि एक नामवंत विधिज्ञ. खासदाराला यात जागा ठेवलेली नाही. आरोप सिद्ध झाले तरच प्रस्ताव सभागृहात चर्चेला येतो, आणि तिथे एकूण सदस्यसंख्येचं बहुमत अधिक उपस्थित व मतदान करणाऱ्यांचं दोन तृतीयांश बहुमत लागतं. दोन्ही सभागृहांत, त्याच अधिवेशनात.

सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश व्ही. रामस्वामी यांच्या प्रकरणात अशा समितीत न्या. पी. बी. सावंत, मुंबई उच्च न्यायालयाचे तेव्हाचे मुख्य न्यायमूर्ती पी. डी. देसाई आणि न्या. ओ. चिन्नप्पा रेड्डी होते. समितीने अनेक आरोप सिद्ध झाल्याचं सांगितलं. तरी मे १९९३ मध्ये लोकसभेत १९६ मतं प्रस्तावाच्या बाजूने पडली, २०५ सदस्य तटस्थ राहिले आणि प्रस्ताव पडला. (जाता जाता: याला सर्रास ‘महाभियोग’ म्हणतात. घटनेत तो शब्द राष्ट्रपतींसाठी आहे. न्यायाधीशांच्या बाबतीत ‘पदावरून दूर करणे’ एवढंच.)

असा प्रस्ताव नसेल, तर न्यायाधीशाच्या कर्तव्य बजावतानाच्या वर्तनावर संसदेत चर्चाच करता येत नाही. अनुच्छेद १२१ मनाई करतो. राज्य विधिमंडळांसाठी अनुच्छेद २११ आहे आणि त्यात तर हा अपवादही नाही. ‘अमुक निकाल का दिला, समितीने विचारावं’ ही मागणी इथेच अडते.

‘सदस्य मंत्री निवडतात, अध्यक्ष सत्ताधारी’

३१ पैकी २१ लोकसभेचे, १० राज्यसभेचे. २००४ पूर्वी हीच संख्या ४५ होती, ३० आणि १५. सदस्यांचं नामनिर्देशन लोकसभा अध्यक्ष आणि राज्यसभा सभापती करतात. व्यवहारात पक्षांना संख्याबळाप्रमाणे जागा मिळतात आणि नावं पक्षनेते कळवतात. मंत्र्याला सदस्य होता येत नाही. सदस्य मंत्री झाला, तर त्या दिवसापासून त्याचं सदस्यत्व संपतं.

बहुमत सत्ताधारी आघाडीचं असतं, हे खरं. सभागृहाचं प्रमाण समितीत उतरतं. अध्यक्षपदाचा दावा मात्र चुकीचा आहे. राज्यसभेकडच्या समित्यांचे अध्यक्ष सभापती नेमतात आणि पक्षांमध्ये समित्यांची वाटणी होते. २०१५ मध्ये केंद्रात भाजपचं सरकार होतं आणि याच समितीच्या अध्यक्षपदी काँग्रेसचे ई. एम. सुदर्शन नचियप्पन होते.

‘मंत्री निवडतात’ हा गैरसमज बहुधा सल्लागार समितीमुळे झाला असावा. प्रत्येक मंत्रालयाला खासदारांची एक सल्लागार समिती असते आणि तिचं अध्यक्षपद मंत्र्याकडेच असतं. तिथे अनौपचारिक चर्चा होते. ती ना विधेयक तपासते, ना सभागृहाला अहवाल देते. नावात ‘समिती’ आहे एवढंच साम्य. राज्यात आणखी एक प्रकार दिसतो: विधिमंडळाची संयुक्त समिती, एखाद्या विधेयकापुरती नेमलेली. तिथे मंत्री प्रमुख असू शकतो. डिसेंबर २०२० मध्ये मांडलेलं शक्ती विधेयक ज्या संयुक्त समितीकडे गेलं, तिचे प्रमुख तेव्हाचे गृहमंत्री होते. स्थायी समितीत हे चालत नाही.

सदस्यत्वातली खरी अडचण मजकूरवाल्यांना दिसलीच नाही. मुदत एक वर्षाची. समिती साधारण सप्टेंबरात नव्याने बनते. काही जण पुन्हा येतात, काही दुसऱ्या समितीत जातात. न्यायालयीन रिक्त पदांची किंवा न्यायाधिकरणांची गुंतागुंत समजेपर्यंत वर्ष संपतं. गणपूर्ती एक तृतीयांश, म्हणजे ११ जण आले की बैठक चालते. बैठका बंद दाराआड होतात, प्रक्षेपण नाही. कोण आलं होतं हे पाहायचं असेल, तर अहवालाच्या शेवटी जोडलेलं इतिवृत्त उघडावं. भिन्नमतपत्रिका, म्हणजे अहवालाशी असहमत सदस्याची टिपणी, असेल तर तीही तिथेच सापडते.

‘कोर्टाचा पैसा तिच्या हातात’

हा मुद्दा नीट उलगडायला हवा, कारण यात अर्धसत्य आहे.

अंदाजपत्रकात दोन रकाने असतात: दत्तमत आणि भारित. दत्तमत खर्चावर सभागृह मतदान करतं. भारित खर्चावर चर्चा होऊ शकते, मतदान नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांचे पगार आणि अनुच्छेद १४६ प्रमाणे न्यायालयाचा प्रशासकीय खर्च भारताच्या एकत्रित निधीवर भारित आहे. उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांचे पगार आणि त्या न्यायालयाचा प्रशासकीय खर्च राज्याच्या एकत्रित निधीवर; त्या न्यायाधीशांचं निवृत्तिवेतन मात्र पुन्हा केंद्राच्या निधीवर. जिल्हा व तालुका न्यायालयांचा खर्च राज्याच्या अंदाजपत्रकातून होतो, महाराष्ट्रात विधी व न्याय विभागामार्फत. दिल्लीतली समिती आपल्या तालुका कोर्टाच्या लिपिकाचा पगार अडवू शकत नाही, देऊही शकत नाही.

दत्तमत भागातही तिला कपात सूचनेसारखं, म्हणजे मागणीची रक्कम कमी करा असं, काही सुचवता येत नाही. नियमातच तशी मनाई आहे. अर्थसंकल्पी अधिवेशनाच्या मधल्या सुट्टीत तिने मागण्या तपासायच्या. मुदत वाढवून मिळत नाही. अहवाल वेळेत आला नाही, तरी सभागृह मागण्या मंजूर करतं.

मग ती तपासते काय? न्याय विभागाच्या योजना. न्यायालयांच्या संगणकीकरणाच्या ई-कोर्ट्स प्रकल्पाचा तिसरा टप्पा, ज्याला २०२३ मध्ये चार वर्षांसाठी ७,२१० कोटी रुपये मंजूर झाले. किंवा न्यायालयीन इमारती व निवासस्थानांसाठीची केंद्रपुरस्कृत योजना, १९९३-९४ पासूनची. त्यात बहुतेक राज्यांसाठी केंद्र ६० आणि राज्य ४० असा वाटा असतो. इथे तिचे प्रश्न नेमके असतात: तरतूद किती, सुधारित अंदाज किती, प्रत्यक्ष खर्च किती, आणि फरक का? राज्याने आधीच्या हप्त्याचं उपयोगिता प्रमाणपत्र दिलेलं नसतं किंवा आपला वाटा भरलेला नसतो, म्हणून पुढचा हप्ता अडकतो. न्यायालयाची इमारत अर्धवट का राहिली, याचं कोरडं पण खरं उत्तर अनेकदा या तक्त्यांत सापडतं.

‘शिफारस बंधनकारक’

नियमातली भाषा अशी की समितीच्या अहवालाला विचारपूर्वक दिलेला सल्ला मानावं. सल्लाच. मंत्रालयाने साधारण तीन महिन्यांत कार्यवाहीचं उत्तर द्यायचं असतं, मग समिती त्यावर दुसरा अहवाल काढते. त्यात शिफारशी चार गठ्ठ्यांत येतात: सरकारने स्वीकारलेल्या, उत्तर पाहून समितीने सोडून दिलेल्या, ज्यांचं उत्तर समितीला पटलं नाही अशा, आणि अंतिम उत्तरच न आलेल्या. वाचायचे असतात ते शेवटचे दोन.

सल्ला म्हणजे शून्य, असंही नाही. मध्यस्थी विधेयक डिसेंबर २०२१ मध्ये राज्यसभेत आलं आणि या समितीकडे गेलं. दावा दाखल करण्याआधी मध्यस्थी सक्तीची होती. समितीने सक्तीचा फेरविचार करायला सांगितलं. मध्यस्थी पूर्ण करण्याची मुदत १८० दिवस आणि वाढवून आणखी १८० होती. समितीने ९० अधिक ६० सुचवली. २०२३ च्या कायद्यात सक्ती गेली आणि मुदत १२० अधिक ६० झाली. दुसरीकडे, न्यायाधीशांनी मालमत्ता जाहीर करणं कायद्याने सक्तीचं करा, ही ऑगस्ट २०२३ च्या १३३ व्या अहवालातली शिफारस. तसा कायदा आला नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांनी स्वतःच्या ठरावाने २०२५ मध्ये विवरणं संकेतस्थळावर टाकायला सुरुवात केली, ती वेगळी गोष्ट.

समितीचं बळ बरंचसं विधेयक तिच्यापर्यंत पोहोचतं की नाही यावर ठरतं, आणि ते पाठवणं सक्तीचं नाही. पंधराव्या लोकसभेच्या काळात सुमारे ७१ टक्के विधेयकं समित्यांकडे गेली होती, सतराव्या लोकसभेच्या काळात सुमारे १६ टक्के. ‘समिती सर्वशक्तिमान’ ही तक्रार करण्याची ही वेळ नव्हे.

‘केस रखडली तर तिच्याकडे अर्ज करा’

नका करू. टपालखर्च वाया जाईल. न्यायप्रविष्ट बाब आणि एकट्याची तक्रार हा तिचा विषय नाही. संसदेच्या विनंती अर्ज समित्याही न्यायालयाच्या कक्षेतल्या गोष्टी घेत नाहीत.

जिल्हा न्यायालयातल्या न्यायाधीशाविरुद्ध तक्रार असेल, तर ती उच्च न्यायालयाकडे करायची. अनुच्छेद २३५ प्रमाणे नियंत्रण त्यांचं आहे. उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाविरुद्धची तक्रार तिथल्या मुख्य न्यायमूर्तींकडे किंवा सरन्यायाधीशांकडे. केंद्राच्या तक्रार पोर्टलवर टाकली, तरी न्याय विभाग ती संबंधित न्यायालयाकडेच पाठवतो. मधला वेळ तेवढा वाढतो. निकाल चुकीचा वाटत असेल तर अपील, आणि त्याची मुदत तक्रारीच्या उत्तराची वाट पाहत थांबत नाही. हे विसरल्यामुळे लोक अपिलाचा हक्क गमावून बसतात.

समितीकडे लिहिण्याची खरी संधी वेगळी असते. एखादं विधेयक किंवा विषय तपासायला घेतला की ती जाहिरात देऊन निवेदनं मागवते. मुदत बहुधा १५ दिवसांची. निवेदन इंग्रजी किंवा हिंदीत, दोन प्रतींत, राज्यसभा सचिवालयाकडे. प्रत्यक्ष साक्ष द्यायची असेल तर तसं त्यातच लिहायचं. बोलावायचं की नाही हे समिती ठरवते. ‘न्याय मिळत नाही’ असं लिहिलेली चार पानं बाजूला पडतात. ‘कलम अमुक, पोटकलम तमुक, सध्याचा शब्द हा, त्याऐवजी हा शब्द, कारण हे’ अशा अर्ध्या पानाचा उपयोग होतो, कारण अहवालही कलमवारच लिहिला जातो. पाठवलेलं निवेदन समितीच्या दप्तराचा भाग होतं आणि ते गोपनीय असतं. त्यामुळे पाठवून झाल्यावर तेच ग्रुपवर टाकू नका.