प्रेक्षक आधी गेला, ते सिनेमे नंतर आले

नमस्कार. सत्तरच्या दशकातल्या तुर्की चावट चित्रपटांबद्दल मी लिहिलं, त्यावरच्या तुमच्या प्रतिक्रियेचा सारांश असा : तुर्की सिनेमाची वाट या 'घाणेरड्या' चित्रपटांनी लावली, घरंदाज प्रेक्षक त्यांच्यामुळे पळाला, लष्कराने झाडू फिरवला ते बरंच झालं, आणि पैशासाठी कपडे उतरवणाऱ्या नट्यांबद्दल मला उगाच कळवळा येतोय.

घाणेरडे म्हणा, हरकत नाही. पण तुम्ही क्रम उलटा लावताय. इस्तंबूलच्या येशिलचामने, म्हणजे तिथल्या चित्रपटसृष्टीने, 1972 साली तीनशेच्या आसपास चित्रपट काढले. मग टीआरटीचा सरकारी टीव्ही घरोघरी पोचला. बायकांसाठी दुपारचे खास खेळ असत, तो प्रेक्षक घरीच बसला. त्यात डाव्या-उजव्यांचे खून पडू लागले. अशा दिवसांत मुलाबाळांना घेऊन थिएटरात कोण जाणार? उरले एकटेदुकटे पुरुष. निर्माते प्रांतोप्रांतीच्या वितरकांच्या आगाऊ पैशांवर जगत. दक्षिणेतल्या अदाना शहराचा वितरक म्हणेल ते पडद्यावर. इटलीचे चावट विनोदपट चालतात हे दिसत होतंच, 1974 पासून त्यांच्या नकला सुरू झाल्या. 1979 मध्ये 195 पैकी 131 चित्रपट याच जातीचे! झेरीन एगेलिलेर या एकट्या नटीचे त्या वर्षी 37, म्हणजे महिन्याला तीन. फिल्म 16 मिलिमीटरची, कारण ती स्वस्त.

एक मात्र मान्य. बाहेर तसली पोस्टरं लागल्यावर कुटुंबांना परतायची सोय उरली नाही.

आता झाडू. 12 सप्टेंबर 1980 ला लष्कराने सत्ता घेतली आणि हा धंदा जवळजवळ एका झटक्यात बसला. पण कीड हीच असती तर ती गेल्यावर झाड सावरायला हवं होतं. तसं झालं नाही. लोक व्हिडिओ कॅसेटकडे वळले, थिएटरं बंद पडतच राहिली. शिवाय त्याच झाडूने डाव्या विचारांचा नट-दिग्दर्शक यिलमाझ ग्युनेयचे चित्रपटही बाहेर फेकले, त्यांत कसली अश्लीलता होती?

राहिल्या नट्या. अर्झू ओकायने सगळं सोडून पॅरिस गाठलं. फेरी जान्सेलचा 1983 मध्ये खून झाला. याच चित्रपटांत कामं केलेले अली पोयराझोलू पुढे रंगभूमीवर मानाने वावरले, आणि ते योग्यच, नट चांगलाच आहे. पण तुमच्या एवढ्या लांब प्रतिक्रियेत ना एका नटाचं नाव आहे, ना निर्मात्याचं, ना त्या अदानाच्या वितरकाचा उल्लेख.