जखमेचं कारण कागदावर लिहून घ्या

राजेहो, पोस्ट लांब आहे. पण पुलगाव, भंडारा, गडचिरोली या पट्ट्यात राहणाऱ्यांनी तरी शेवटपर्यंत वाचावी ही विनंती.

मी मेडिकल कोडिंगचं काम करते. माझं गाव देवळी तालुक्यात, नोकरी नागपूरला. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे चार्ट वाचायचे आणि डॉक्टरनं जे लिहिलं असेल त्याला आयसीडी-१० (आजार, जखमा आणि त्यांच्या कारणांची जागतिक यादी) चा कोड लावायचा, हे आमचं काम. आता आपल्या भागातली फार्मसी, नर्सिंग, बीएस्सी केलेली बरीच पोरंपोरी यात आहेत.

जखमेला दोन तऱ्हेचे कोड लागतात. काय तुटलं, काय भाजलं, हा पहिला. ते कशानं झालं, हा दुसरा. अमेरिकेच्या कोडांच्या पुस्तकात युद्धातल्या जखमांना वाय ३६ आहे. शांततेच्या काळात लष्कराच्या जागेत, सरावात किंवा नेहमीच्या कामकाजात झालेल्या जखमांना वेगळा वाय ३७ आहे. पूर्ण कोड सात जागांचा असतो. या दोन्हींत सहाव्या जागेवरचा आकडा ० असेल तर जखमी माणूस सैनिक, १ असेल तर सामान्य नागरिक. सातव्या जागी ए, डी किंवा एस: उपचार चालू आहेत, नंतरची तपासणी आहे, की जुन्या जखमेचं मागे राहिलेलं दुखणं आहे. घटना कुठं घडली यालाही कोड आहे, त्यात लष्करी सरावाचं मैदान स्वतंत्र दिलेलं आहे. माणूस तेव्हा पोटासाठी मजुरी करत होता का, यालाही आहे.

हे शिकताना माझ्या डोळ्यांपुढे पुलगावच होतं. ३१ मे २०१६ ला मध्यरात्रीनंतर तिथल्या लष्कराच्या दारूगोळ्याच्या डेपोला आग लागली, तेव्हा आसपासची गावं रातोरात रिकामी करावी लागली होती. त्यानंतर २० नोव्हेंबर २०१८ ला सोनेगाव (आबाजी) जवळच्या मैदानावर जुना दारूगोळा नष्ट करण्याचं काम चालू असताना स्फोट झाला. ६ माणसं गेली. त्यांत बहुतेक आसपासच्या गावांतले रोजीनं गेलेले मजूर होते. युद्ध नव्हतं, शत्रू नव्हता, आणि मेलेले शिपाईही नव्हते. वाय ३७ आणि सहाव्या जागी १, हे तंतोतंत अशाच माणसांसाठी आहे.

पण तो कोड आपल्या देशात नाहीच. भारतात मृत्यूची कारणं जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० प्रमाणे लावतात, आणि त्या पुस्तकात वाय ३७ नाही. वाय ३६ आहे, पण तो युद्ध आणि सशस्त्र बंडाळीपुरता, आणि त्यात सैनिक आणि नागरिक एकाच रकान्यात. शांततेच्या काळात दारूगोळा फुटून माणूस मेला तर त्याला लागतो डब्ल्यू ४०, म्हणजे इतर पदार्थांचा स्फोट. त्याच कोडात कारखान्यातला स्फोट येतो, धान्याच्या कोठारातलाही येतो. एकदा तो मजूर त्या ढिगात गेला की पुढे कोणत्याही तक्त्यातून त्याला वेगळा काढता येत नाही. माझा सगळ्यात मोठा आक्षेप इथं आहे. आकड्यांत जो वेगळा दिसत नाही, त्याच्यासाठी वेगळा नियमही कोणी करत नाही.

आणि हे झालं मेलेल्यांचं. जगले त्यांचं काय? आमच्याकडचा एक जण अशाच स्फोटात हाताची बोटं गमावून बसला. त्याचं डिस्चार्ज कार्ड मी पाहिलं. बोटं कुठून तुटली, टाके किती, गोळ्या कोणत्या, सगळं व्यवस्थित. कारणापुढं फक्त "ब्लास्ट इन्ज्युरी". फटाका, सिलेंडर, खाण, की तोफेचा गोळा? कुठं? कोणाच्या कामावर? काही नाही. मी विचारलं तर त्याची माय म्हणाली, "स्फोट झाला असं लिवलं त आहे बाई, आता अजून काय लिवतीन?"

त्या माउलीला काय उत्तर द्यावं? आमच्या कामाचा पहिला नियम असा की डॉक्टरनं लिहिलं नसेल ते कोडरनं गृहीत धरायचं नाही. मला माहीत असलं, गावाला माहीत असलं, तरी कागदावर नसेल तर कोड लागत नाही. त्या माणसाचा कान आज नीट ऐकत नाही. उद्या तो दुसऱ्या डॉक्टरकडे गेला, तर बहिरेपण आणि तो स्फोट यांना जोडणारी एक ओळही त्याच्याजवळ नाही.

काही जण म्हणतील, पोलिसांत सगळं आहे, एमएलसी (दवाखान्यातली पोलीस केसची नोंद) झाली, पंचनामा झाला. खरं आहे. पण तो कागद कोर्टासाठी असतो. आरोग्य खात्याच्या आकड्यांत तो आपोआप येत नाही. आणि डॉक्टरांना कोर्टकचेरीची भीती वाटते, तीही मला समजते. म्हणून स्पष्ट सांगते: कारणाचा कोड कोणाला दोषी ठरवत नाही. हलगर्जी कोणाची, भरपाई कोण देईल, हे त्यात नसतं. काय झालं, कुठं झालं, कोणाला झालं, एवढंच असतं.

गडचिरोलीचा गुंता याहून मोठा. १ मे २०१९ ला कुरखेडा तालुक्यात जांभुळखेड्याजवळ भूसुरुंगाच्या स्फोटात पोलिसांचे १५ जवान गेले, आणि त्यांच्यासोबत खासगी गाडीचा चालकही गेला. तो पोलीस नव्हता. त्याचा मृत्यू सशस्त्र बंडाळी धरून वाय ३६ मध्ये टाकायचा, की स्फोटकानं केलेला हल्ला म्हणून एक्स ९६ मध्ये? आणि चकमकीत पोलिसांची गोळी लागलेला गावकरी वाय ३५ मध्ये जाईल, म्हणजे कायदेशीर कारवाईत. एकाच जंगलातल्या, एकाच संघर्षातल्या जखमा तीन ठिकाणी विखुरणार. सरकार त्या संघर्षाला काय म्हणतं यावरून कोड ठरायला नको. माणूस हत्यारबंद होता की नव्हता, हे प्रत्येक ठिकाणी वेगळं दिसलं पाहिजे.

अमेरिकेत सगळं छान आहे असंही नाही. कारणाचे कोड लावायची देशभर सक्ती तिथंही नाही, आणि त्यावर बिलाचे पैसे ठरत नसल्यानं बरेचदा ते राहूनच जातात. पण रकाना तरी आहे. जागतिक संघटनेची ११ वी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे. आपण तिच्यावर जाऊ तेव्हा देशानं स्वतःचा जास्तीचा आकडा जोडून नागरिक वेगळा दाखवावा, ही मागणी आपल्या आमदार-खासदारांनी आत्ताच लावून धरली पाहिजे.

तोवर ग्रामीण रुग्णालयात आणि पीएचसीत (प्राथमिक आरोग्य केंद्रात) काम करणाऱ्या माझ्या मित्रमैत्रिणींनो, केसपेपरवर दोन ओळी जास्त लिहा: काय फुटलं, कोणत्या जागी, आणि माणूस तिथं कोणत्या कामाला होता. आणि ज्यांच्या घरात असा जखमी आहे त्यांनी दवाखान्यातून सुट्टी घेताना कार्डावर एवढं लिहून मागावं, जुन्या कागदांच्या झेरॉक्स जपून ठेवाव्यात. कोणाला ते कागद वाचून समजून घ्यायचे असतील तर मला मेसेज करा. पैसे लागणार नाहीत. रविवारी मी गावीच असते.